हुकूम झाला, धुरा तिथंच

दावा जिंकलेला कास्तकार कोर्टातून बाहेर पडतो तेव्हा त्याच्या पिशवीत हुकूमनाम्याची नक्कल असते आणि शेतातला धुरा, म्हणजे बांध, होता तिथंच असतो. मलकापूर तालुक्यात याचं कुणाला नवल वाटत नाही. नळगंगेच्या आणि पूर्णेच्या काठची काळी जमीन, तीतून गेलेला मुंबई–नागपूर लोहमार्ग आणि महामार्ग, रस्त्यालगत चढलेले भाव. पूर्वी गावातल्या चार म्हाताऱ्यांनी पारावर मिटवलेलं दोन तासांचं भांडण आता सरळ वकिलाच्या टेबलावर येतं. न्यायालय मोजणीचा आदेश देतं, कधी मोजणी होतेही, मग ती जमिनीवर का उतरत नाही, यावर दोन माणसांची जुंपली आहे. एक आहेत दिवाणी दावे चालवणाऱ्या वकीलताई. दुसरे भूमी अभिलेख खात्यातून निवृत्त झालेले भूकरमापक. गावोगाव त्यांना मोजणीवाले काका म्हणतात. जोडी मी कल्पिलेली आहे, पण त्यांचे मुद्दे कोणत्याही तालुक्याच्या कोर्टाबाहेर चहाच्या टपरीवर ऐकू येतील.

वकीलताई : काका, माझं म्हणणं सरळ आहे. न्यायालयानं मोजणी सांगितली की ती ठरल्या तारखेला झालीच पाहिजे, आणि हद्द निघाली की धुरा त्या हद्दीवर गेलाच पाहिजे. आडवा येईल त्याला पोलिसांनी बाजूला करावं. तुमच्या खात्याचे लोक मात्र ‘विरोध झाल्याने मोजणी होऊ शकली नाही’ एवढी एक ओळ लिहून पाठवतात आणि माझ्या पक्षकाराचं एक साल जातं.

काका : विरोध म्हणजे काय असतं, ते धुऱ्यावर उभं राहून पाहिलंय का कधी? तिपाईवर मशीन चढवलं, प्रिझमची काठी घेऊन माणूस कोपऱ्याकडे निघाला की समोरच्या घरची म्हातारी येऊन नेमकी त्या जागी बसते. तिचा नातू मोबाइलवर शूटिंग घेतो. मागून आवाज येतो, ‘माह्या धुऱ्याले हात लावशीन तं पाय मंग!’ आमच्याकडे काय असतं? एक मशीन, एक हाताखालचा माणूस आणि अर्धी पिशवी चुना. म्हातारीला उचलू का मी?

वकीलताई : उचलू नका, पण अधिकार वापरा. तुम्ही कोर्ट कमिशनर म्हणून गेलेले असता. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २६, रूल १६ प्रमाणे आदेशातल्या जमिनीत वाजवी वेळी शिरण्याचा, कागदपत्रं मागण्याचा, पक्षकारांना विचारण्याचा हक्क कमिशनरला आहे. रूल १८ म्हणतो, नोटीस मिळूनही पक्षकार आला नाही तर त्याच्या गैरहजेरीत काम पुरं करा. सरकारी नोकराच्या कामात अडथळा आणला तर भारतीय न्याय संहितेचं कलम २२१ आहे, तीन महिन्यांपर्यंत कैद. एवढं हाताशी असताना तुम्ही मशीन गुंडाळून एसटी पकडता.

काका : कलमं तुमच्या फायलीत असतात ताई, शेतात मी एकटा असतो. बंदोबस्त पाहिजे तर पक्षकारानं अर्ज द्यायचा, न्यायालयानं आदेश करायचा, पैसे लागले तर भरायचे, आणि त्या दिवशी ठाण्यात माणसं मोकळी असायची. कधी सण, कधी निवडणूक, कधी मंत्र्यांचा दौरा. चार गोष्टी एका तारखेला जुळल्या तर मोजणी होते.

यात काकांची बाजू खरी असली तरी त्यांच्या खात्याची सुटका होत नाही. विरोध कुणी केला, कुठल्या ठिकाणी केला, काय बोलला, तेव्हा पंच कोण होते, हे जागेवरच पंचनाम्यात आलं तर पुढच्या तारखेला न्यायाधीशांना कारवाई करायला काहीतरी हाती लागतं. ‘विरोध झाला’ या दोन शब्दांवर कुणालाच जबाबदार धरता येत नाही. विरोध करणाऱ्यांनाही हे पक्कं ठाऊक झालेलं आहे.

वकीलताई : आणि पिकाचं काय? जुलैत आदेश होतो, ऑगस्टात तुमचं पत्र येतं, ‘उभे पीक असल्याने मोजणी शक्य नाही.’

काका : मग मशीनला तुरीतून आरपार दिसतं का? आपल्याकडे सोयाबीन निघालं तरी आंतरपिकातल्या तुरीच्या ओळी उभ्याच असतात. कपाशी तर कुणी फेब्रुवारीपर्यंत ठेवतं. खरी मोजणी होते ती रान मोकळं झाल्यावर, उन्हाळ्यात. तेव्हा मे महिन्यात काळ्या रानात उभं राहून दाखवा. न्यायालयानं आदेश करताना पीक कोणतं, ते कधी निघणार, एवढं विचारलं आणि त्या बेतानं तारीख दिली, तर अर्धी पत्रं वाचतील.

वकीलताई : हे मात्र मान्य. तारीख मागताना हे आम्हीच सांगायला पाहिजे.

(आम्हीच सांगायला पाहिजे, असं वकिलानं म्हणणं तसं दुर्मिळ.)

काका : आता माझं ऐका. तुम्हाला वाटतं, अडचण जोर लावण्याची आहे. मला वाटतं, अडचण त्याच्या आधीची आहे. तुम्ही मला आदेश देता, ‘गट नंबर अमुकची मोजणी करून अतिक्रमण दाखवा.’ मी रेकॉर्ड काढतो. गट चार हेक्टरचा. सातबारे सहा. सहाही सातबाऱ्यांच्या क्षेत्राची बेरीज गटापेक्षा जास्त! कारण खरेदीखतात कुणी ‘पूर्वेकडील एक एकर’ लिहिलं, कुणी ‘विहिरीलगतचे साठ आर’. पोटहिस्सा कधी मोजलेलाच नाही. ज्याची फाळणी झाली नाही, त्याची हद्द मी कायम कुठून करू? गटाची बाहेरची हद्द मी दाखवीन. आतल्या दोन भावांमधली हद्द माझ्या कागदावर नाहीच, ती त्यांच्या वहिवाटीत आहे. आणि भांडण तर वहिवाटीचंच आहे.

वकीलताई : म्हणजे वाटणी आधी, हद्द मागून.

काका : हो. पण दावा पडतो अतिक्रमणाचा. वाटणीचा दावा लांबतो, म्हणून तो कुणी टाकत नाही. टाकला आणि हुकूमनामा झाला तरी सारा भरणाऱ्या जमिनीची प्रत्यक्ष वाटणी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते, तिथून तहसीलला, तिथून आमच्याकडे. प्रत्येक टेबलावर एक पावसाळा.

इथं जरा थांबायला हवं, कारण शेतकऱ्याची सगळ्यात मोठी फसगत इथंच होते. मोजणी तीन वाटांनी होते आणि तिन्हींचं वजन वेगळं आहे. पहिली, शेतकऱ्यानं स्वतः उपअधीक्षक भूमी अभिलेख कार्यालयात पैसे भरून मागवलेली हद्द कायम मोजणी. डिसेंबर २०२४ पासूनच्या दरानं ग्रामीण भागात दोन हेक्टरपर्यंत नियमितला २ हजार आणि द्रुतगतीला ८ हजार रुपये. तिच्या नकाशाच्या ‘क’ प्रतीवर शेजारी सही करत नाही, आणि कोर्टात तो नकाशा नुसता दाखल करून भागत नाही, तो काढणाऱ्या माणसाची साक्ष लागते. दुसरी, दावा चालू असताना ऑर्डर २६, रूल ९ खाली न्यायालयानं कमिशनर नेमून करवलेली. तिचा अहवाल रूल १० प्रमाणे पुरावा म्हणून वाचला जातो, हरकत असेल तर कमिशनरला साक्षीला बोलावता येतं, आणि न्यायालयाचं समाधान झालं नाही तर फेरचौकशी सांगता येते. तिसरी, निकालानंतर, हुकूमनाम्याच्या बजावणीच्या दरखास्तीत, बेलिफाला ताबा कुठपर्यंत द्यायचा हे कळावं म्हणून केलेली. लोकांना तिन्ही एकच वाटतात. ‘सरकारी मोजणी झाली, आता काय उरलं?’ असं म्हणत माणूस थेट धुरा फोडायला निघतो आणि फौजदारीत अडकतो. मोजणीनं हद्द कळते. ताबा मिळतो तो हुकूमनाम्यानं, आणि तोही बेलिफाच्या हातून.

वकीलताई : म्हणूनच मी मधली वाट धरते. २००८ मध्ये हरियाणा वक्फ बोर्डाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलंय की वाद सीमांकनाचाच असेल तर न्यायालयानं स्थानिक कमिशनर नेमायला हवा होता. तरी खालच्या कोर्टात कमिशनरचा अर्ज दिला की समोरचे वकील उठतात, ‘हे पुरावा गोळा करणं आहे.’ साक्षी संपेपर्यंत अर्ज पडून राहतो. साक्षीत दोन्हीकडचे दोन म्हातारे सांगतात, धुरा बापजाद्यापासून इथंच आहे. दोघंही शपथेवर!

काका : आणि दोघंही खोटं बोलत नसतात. काळी माती उन्हाळ्यात भेगाळते, पावसात फुगते. दगड खाली जातो, कलतो. वऱ्हाडात मुंबई पद्धतीची पहिली मोजणी झाली ती १८६०च्या दशकात. तेव्हा रोवलेल्या किती निशाण्या आज तुम्हाला दाखवता येतील? तेहतीस फुटांची साखळी आणि शंकू घेऊन केलेलं ते काम आहे. मी त्याला नावं ठेवणार नाही, टिपणातली, म्हणजे तेव्हाच्या मोजणीच्या नोंदीतली, मापं बहुतेक जागी अजून जुळतात. पण टिपणावरून मोजायचं, गावनकाशावरून नाही. इंचाला तीनशेतीस फूट असा नकाशा असेल तर पेन्सिलीची अर्ध्या मिलिमीटरची रेघ जमिनीवर दोन मीटर जागा खाते. घाईत असलेला माणूस नकाशावरून हद्द टाकून मोकळा होतो, आणि त्या दोन मीटरवर तुम्ही हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठापर्यंत जाता.

वकीलताई : आता रोव्हर आलेत, उपग्रहावरून काही सेंटीमीटरपर्यंत बिंदू मिळतो. मग अजून साखळीच्या गोष्टी कशाला?

काका : रोव्हर मला सांगतो, मी कुठं उभा आहे. माझ्या आजोबांच्या वेळी दगड कुठं होता, ते तो सांगत नाही. सुरुवात जुन्या, पक्क्या, दोघांनाही मान्य अशा खुणेपासून करावी लागते : तीन गावांच्या शिवेवरचा दगड, जुनी बांधीव विहीर. एकानं विहिरीपासून सुरुवात केली, दुसऱ्यानं रस्त्याच्या कडेपासून, की दोन मोजण्यांत दोन हद्दी. मग निमताना मोजणी, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याची फेरमोजणी, तिच्यावर सुपर निमताना. आणि वादीच्या एकट्याच्या गटाची मोजणी करून शेजाऱ्याचं अतिक्रमण दाखवता येत नाही. दोन्ही गट मोजा, लगतच्या सगळ्या धुरेकऱ्यांना नोटीस द्या, सुरुवात कुठून केली ते नकाशावर लिहा. एवढं केलं तर दुसऱ्या मोजणीची पाळी सहसा येत नाही.

वकीलताई : समजा केलं. हद्द निघाली, शेजाऱ्यानं बारा आर दाबलेत हे ठरलं, हुकूमनामा झाला. मग त्याची बजावणी तर झाली पाहिजे ना? इथं तुमच्या सबबी संपतात. दरखास्त दाखल केली की वेगळाच फड सुरू होतो. बेलिफ ताबा वॉरंट घेऊन गेला की प्रतिवादीचा पुतण्या पुढे येतो, ‘मी दाव्यात नव्हतो, हा तुकडा माझा आहे.’ ऑर्डर २१, रूल ९७ची हरकत. तिचा निकाल, त्यावर अपील. ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयासमोर देशभरातल्या प्रलंबित दरखास्तींचा आकडा आला : ८ लाख ८२ हजार. सहा महिन्यांत निकाली काढा, असं २०२१ मध्ये सांगितलं, मार्च २०२५ मध्ये पुन्हा सांगितलं. जिंकून हरलेल्या माणसांची ही यादी आहे काका. यांच्यासाठी जोर नको लावायला?

काका : हवा. पण बेलिफ परत येतो त्याचं एक कारण तुमचाच हुकूमनामा असतो. ‘प्रतिवादीने दक्षिणेकडील अतिक्रमित बारा आर जागेचा ताबा वादीस द्यावा.’ कुठून कुठपर्यंत? नकाशा जोडलेला नाही, मापं नाहीत. बेलिफ बिचारा शेतात उभा राहून दक्षिणेकडे बघतो. मग तो लिहितो, ‘जागेची ओळख पटत नाही.’ मग पुन्हा भूमी अभिलेखला पत्र. पुन्हा मी, पुन्हा म्हातारी.

यावर वकीलताई काही वेळ बोलत नाहीत, कारण हे कायद्यातच लिहिलेलं आहे आणि त्या ते शिकलेल्या आहेत. ऑर्डर ७, रूल ३ सांगतो की स्थावराच्या दाव्यात मालमत्तेचं वर्णन ती ओळखता येईल असं द्या. हद्दी किंवा मोजणीचे नंबर असतील तर ते लिहा. ऑर्डर २०, रूल ९ हेच हुकूमनाम्याबद्दल सांगतो. नियम पाळला नाही म्हणून दावा फारसा कुणी फेटाळत नाही. दंड भरतो तो पंधरा वर्षांनी दरखास्तदार. माझ्या मते सगळ्या गोंधळाची गाठ इथं आहे. कमिशनरचा नकाशा हुकूमनाम्याचा भाग झाला पाहिजे, त्यावर कोपऱ्याकोपऱ्यांतली अंतरं आणि सुरुवातीची खूण असली पाहिजे. असा नकाशा असेल तर ताबा देण्याच्या दिवशी मोजणी नव्याने करायची नसते, ठरलेले बिंदू फक्त जमिनीवर दाखवायचे असतात. हे अर्ध्या दिवसाचं काम आहे, आणि अर्ध्या दिवसापुरता पोलीस कुठलंही ठाणं देऊ शकतं.

काका : माझं तर म्हणणं आहे, एवढ्या लांब जायचंच कशाला? जमीन महसूल अधिनियमात कलम १३८ आहे. हद्द ठरली की दुसऱ्याच्या हद्दीत बसलेल्याला जिल्हाधिकारी बाहेर काढू शकतात.

वकीलताई : रीतसर चौकशीनंतर. त्या आदेशावर अपील आहे आणि मालकी ठरवायला दिवाणी कोर्टाचं दार उघडं आहे. म्हणजे माणूस फिरून माझ्याकडेच येतो.

काका : येऊ द्या की, तुमची तर दिवाळी. पण दोघं शेजारी आयुष्यभर एकाच शिवारात राहणार आहेत, बैलगाडी एकाच धुऱ्यावरून नेणार आहेत. जानेवारी २०२३ मध्ये सरकारनं सलोखा योजना आणली. एकाच्या नावची जमीन बारा वर्षांहून जास्त दुसऱ्याच्या ताब्यात आणि दुसऱ्याची पहिल्याच्या ताब्यात असेल, तर एक हजार रुपये मुद्रांक आणि एक हजार नोंदणी फी एवढ्यात अदलाबदल करून घ्या. किती भांडणं मिटली असती!

वकीलताई : सलोखा अदलाबदलीला आहे काका, चोरीला नाही. दोनशे मीटर लांब धुरा दर नांगरटीला एक वीत सरकवला तर वर्षाला सेहेचाळीस चौरस मीटर होतात. वीस वर्षांत नऊ आर. हे करणारा माणूस तडजोडीला नेहमी तयार असतो, कारण तडजोडीत त्याला नवातले साडेचार मिळतात. उलट बारा वर्षं कुणी आवाज केला नाही तर तो ताबा विरुद्ध कब्जा म्हणून सांगायला मोकळा. तुमच्या सलोख्यात कोरणाऱ्याची चांदी आहे.

काका हसतात, पण उत्तर देत नाहीत. माझ्या मते त्यांच्याकडे उत्तर नाही. तडजोड चांगलीच, पण ती हद्द माहीत झाल्यावर. आधी तडजोड म्हणजे ज्याचा ट्रॅक्टर मोठा त्याचं फावणं.

वकीलताई : आणि दगड? ताबा दिला, दगड रोवले, बेलिफानं ताबे पावती घेतली. आठवड्यात दगड गायब.

काका : सरकारी अधिकारानं लावलेली हद्दीची खूण हलवणं हा गुन्हा आहे, आता न्याय संहितेच्या कलम ३२६ मध्ये एक वर्षापर्यंत कैद. पण तक्रार कुणी करत नाही. मी लोकांना सांगायचो, दगडावर भरवसा ठेवू नका. दगड रोवल्यावर मी तिथं असतानाच नांगर आणा, नवीन धुरा जागेवर टाका आणि जुना त्याच दिवशी मोडा. संध्याकाळपर्यंत जुना धुरा शेतात मिसळला पाहिजे. दोन धुरे रात्रभर शेजारी राहिले की सकाळी एकच उरतो, आणि तो जुना असतो.

वकीलताई : मग आपण दोघं एकच बोलतोय. शेवटी मारा जोर.

काका : शेवटी, हो. पहिल्या दिवशी नाही. चुकीच्या हद्दीवर लावलेला जोर म्हणजे सरकारी शिक्क्याचं अतिक्रमण, आणि ते हटवायला तर अख्खी हयात पुरत नाही.

या शेवटच्या वाक्यात मी काकांच्या बाजूनं आहे, आणि त्याच्या आधीच्या सगळ्या दिरंगाईत ताईंच्या. मोजणी एकदाच, पण नीट आणि निकालाच्या आधी व्हावी. तिचा नकाशा हुकूमनाम्यात असावा. आणि त्यानंतर म्हातारी, पुतण्या, सण, निवडणूक यातलं काहीही ऐकून घेऊ नये. पुतण्याच्या हरकतीसाठीसुद्धा वेगळा दावा लागत नाही. ऑर्डर २१च्या रूल १०१ प्रमाणे तिचा निकाल त्याच दरखास्तीत करायचा असतो. बिनकारण अडवणाऱ्याला रूल ९८ खाली तीस दिवसांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येतं. वऱ्हाडातल्या किती कोर्टांत ही तरतूद खरोखर वापरली जाते, हे वकील मंडळींनी स्वतःशीच एकदा आठवून पाहावं.

ज्यांच्या घरी धुऱ्याचा हुकूमनामा आधीच येऊन पडला आहे त्यांनी आज तो बाहेर काढून एवढं तपासावं. त्यात ‘ताबा द्यावा’ असं लिहिलं असेल तर दरखास्तीला बारा वर्षांची मुदत आहे. ‘अतिक्रमण काढून टाकावे’ अशी नुसती आज्ञा असेल तर मुदतीच्या कायद्याच्या अनुच्छेद १३५ प्रमाणे ती फक्त तीन वर्षं आहे.